दारात उभा मुझीक

अण्णा, सुटलात एकदाचे.

माणूस जाऊन आठवडाही झाला नाही तोवर असं लिहू नये, हे मला कळतं. पण तुमच्या दारात जमलेल्या प्रत्येकाच्या तोंडी तेच होतं. समोरच्या तानामामी तर तुमच्या पायाशी बसून मोठ्यानं म्हणाल्या, "सुटला बगा बिचारा. लई दमला व्हता." खरंच दमला होता तुम्ही. आडवं पडलं की श्वास अडकायचा, म्हणून खुर्चीत बसून, पुढ्यातल्या टेबलावर उशी ठेवून, तिच्यावर कपाळ टेकवून झोप काढायचात. ऑक्सिजनच्या मशीनची घरघर भिंत ओलांडून आमच्या स्वयंपाकघरात यायची. तुम्ही गेल्याच्या दुसऱ्या दिवशी ती ऐकू आली नाही, तर मला वाटलं लाईट गेली. मग लक्षात आलं. आणि खरं सांगते, रडू यायच्या आधी मला बरं वाटलं.

तुम्ही कुठं शिकलात, साखर कारखान्यात कोणत्या हुद्द्यावर होता, ते सगळं गिरिजानं पेपरात दिलंय. तुमची लेक पुण्यात राहून आलीय, नीटनेटकं लिहिते. त्यातलं मी काही परत लिहीत नाही. मला आपल्या पैऱ्याचं लिहायचं आहे, कारण तो पेपरात देता येत नाही.

कसबा बावड्यात आपली घरं भिंतीला भिंत. मी घरात बसून मराठी टायपिंगची कामं करते आणि जोडीला दीड एकर ऊस बघते. तुम्ही रिटायर झालात, काकू गेल्या, आणि एक दिवस हातानं लिहिलेल्या कागदांचा गठ्ठा घेऊन माझ्या दारात उभे राहिलात. तरुणपणी यंत्रांचं शिकायला रशियात गेला होता, तिथून येताना मशीनच्या पुस्तकांबरोबर गोष्टींचं एक पुस्तक आणलं होतं. तिकडच्या खेड्यातल्या जुन्या गोष्टी. त्या तुम्ही मराठीत आणत होता. टायपिंगचे पैसे देतो म्हणालात. मी म्हटलं, शेजाऱ्याकडून कसले पैसे घेऊ? तुम्ही जरा विचार केलात आणि म्हणालात, "मग पैरा करूया. आज तू माज्या रानात, उद्या मी तुज्या."

मला हसू आलं. पैरा म्हणजे शेतकऱ्यांनी एकमेकांच्या रानात कामाची परतफेड करायची. तुमच्या रानात मी टायपिंगला बसणार हे ठीक, पण रिटायर साहेब माझ्या उसात काय करणार? दुसऱ्या दिवशी सकाळी तुम्ही डोक्याला टॉवेल गुंडाळून, स्वतःचं खुरपं घेऊन हजर. आणि भांगलणीला, उसातलं तण काढायला, असे बसलात की आम्ही बायका एक सरी मागं पडलो. मुरगूडकडच्या शेतकऱ्याचं पोर ते, हात विसरतात होय? तानामामी कौतुकानं म्हणाल्या, "साहेब न्हवं ह्यो, सोंग हाय साहेबाचं." तुम्ही इतके खूश झालात की पुढं दोन सऱ्या न बोलता उरकल्या.

त्या दिवशी बांधावर भाकरी खाताना तुम्ही मला तो शब्द पहिल्यांदा सांगितलात. मुझीक.

तिकडं कॉलेजच्या पोरांना बटाटे काढायला खेड्यात पाठवायचे म्हणे. सगळी पोरं कंबर धरून बसली आणि तुम्ही मात्र ओळीच्या ओळी उकरत पुढं गेलात. तिथली जाडजूड मुकादमीण तुमच्या पाठीत थाप मारून ओरडली, "मुझीक!" म्हणजे, हा बघा खरा गडी! तुम्ही दिवसभर छाती पुढं काढून हिंडलात. नंतर मास्तरांना विचारलंत, हा शब्द कुठून आला? मास्तर म्हणाले, मुझ म्हणजे पुरुष, बाप्या. त्याला लहानपण चिकटवलं की मुझीक. बारका बाप्या. जमीनदाराच्या काळात जमीन कसणाऱ्या माणसाला असं म्हणायचे, कारण मालकापुढं तो साठीचा झाला तरी मोठा होतच नसे. आज तिकडची माणसं हाच शब्द मिशीवर ताव देऊन वापरतात, पण मुळात तो असा होता.

"मंगल, दिवसभर मी त्या शब्दावर फुगलो व्हतो," तुम्ही म्हणालात. "आनि संध्याकाळी कळलं की मला बारका म्हनली बाई." तुम्ही हसत होता, पण भाकरीचा तुकडा हातातच राहिला होता.

त्या शब्दावरून आपण जितके भांडलो तितकी मी नवऱ्याशीही भांडले नसेन. पुस्तकात पानोपानी तो माणूस येतो आणि तुम्ही त्याच्या जागी मोकळी जागा सोडायचात. मी म्हणायचे, सरळ शेतकरी लिहा की. तुम्ही म्हणायचात, "तुजं नाव सातबाऱ्यावर हाय. त्या माणसावर मालकाचं नाव व्हतं. रान इकलं की त्याच्यासकट इकायचे." मग कुणबी? त्यात जात येते, तुम्हांला नको. रयत? रयत म्हटलं की राजा आला, आणि कोल्हापुरात राजाबद्दल लोकांचं मत चांगलं आहे, वाचणाऱ्याचा घोळ होईल. गडी? "गडी नाक मुरडून दुसरीकडं जातो. ह्याला जाता येत न्हवतं." तिकडं दुसराही एक शब्द आहे असं तुम्ही सांगितलंत, क्रेस्त्यानिन. तो मुळात ख्रिस्ती माणूस अशा अर्थाचा. गावातले सगळेच ख्रिस्ती, मग होता होता जमीन कसणाऱ्याचंच ते नाव पडलं. मी म्हटलं, हा बरा आहे, निदान देवाचं नाव आहे त्यात. तुम्ही म्हणालात, "देवाचं नाव फुकट मिळतं."

एकदा मात्र तुम्ही 'छोटा माणूस' असा शब्द लिहून आणलात आणि माझं डोकं फिरलं. की-बोर्ड सारून मी उठले. म्हटलं, अण्णा, हे मी टाइप करणार नाही. सकाळी उठून म्हशीचं शेण काढते, पाण्याच्या पाळीला जाते, दुपारी तुमचं पुस्तक टाइप करते. मला कुणी छोटी म्हटलेलं मी ऐकून घेणार नाही, रशियातलं असो नाहीतर रंकाळ्यावरचं. तुम्ही चिडलात. "तुला कोन म्हनतंय? त्याला म्हनायचे, ते लिवायला नगं?" मी म्हटलं, लिहा, पण दुसऱ्या कुणाकडून तरी टाइप करून घ्या. तुम्ही कागद उचलून गेलात. दुसऱ्या दिवशी पैऱ्याप्रमाणे रानात आलात, भांगललंत, चहा प्यालात, शब्दाचं नाव काढलं नाही. मोकळी जागा मोकळीच राहिली.

चहावरूनही आपलं जमलं नाही कधी. म्हशीचं ताजं दूध दारात असताना माणूस बिनदुधाचा काळा चहा पितो, ही मला म्हशीचीच बेअदबी वाटायची. असो.

मग तुमचा दम वाढला. खुरपं सुटलं, तरी पैरा सुटला नाही. तुम्ही माझ्या बांधावर पोतं अंथरून बसायचात, पाखरं हाकायचात आणि बायकांना गोष्टी सांगायचात. पुढं गेटापर्यंतही येववेना. सगळ्या गोष्टी टाइप होऊन तयार होत्या, राहिल्या होत्या त्या मोकळ्या जागा. छापखान्यातून फोन येत होते. आणि मला दिसत होतं, अण्णा, तुमचा जीव त्या जागांमध्ये अडकलाय. श्वास पुरत नव्हता आणि तुम्ही शब्द शोधत होता. एक दिवस तुम्ही मला म्हणालात, "माज्याच्यानं हे रान उरकत न्हाय गं आता."

मी म्हटलं, "मग इर्जिक करूया की."

ज्याच्याच्यानं रान उरकत नाही त्याच्या रानात सगळ्यांनी मिळून एक दिवस जायचं, मजुरी घ्यायची नाही आणि घरधन्यानं पोटभर जेवू घालायचं, ही आपली इर्जिक. नांगरटीची इर्जिक सगळ्यांनी पाहिली असेल. पुस्तकाची इर्जिक बावड्यात पहिलीच असावी. गिरिजा पुण्याहून आली होती, तिनं हुग्गी, म्हणजे गव्हाची गोड खीर, शिजवली. दुपारी, म्हशींच्या धारांना अवकाश होता तेव्हा, तानामामी आल्या, ट्रॅक्टरवाला बाळूदा आला, भांगलणीच्या दोघी-तिघी आल्या. बाळूदानं आल्या आल्या वास घेतला आणि त्याचं तोंड पडलं.

"इर्जिक म्हनल्यावर मला वाटलं, मटान आसंल."

"लिंगायताच्या दारात मटान मागतोस व्हय रं?" तानामामी कडाडल्या. "हुग्गी खा आनि गप ऐक."

तुम्ही खुर्चीत, नाकात नळी, आणि मी वाचायला बसले. तुमची सगळ्यांत आवडती गोष्ट घेतली. मुझीकाच्या घराचं छप्पर मोडलंय. तो एक लाकूड मागायला मालकाच्या घरी जातो. जंगल मालकाचं. टोपी हातात घेऊन तो दाराच्या आत उभा राहतो. मालक म्हणतो, थांब जरा. मालकाचा चहा चाललाय, पाहुण्यांशी घोड्यांच्या गप्पा चालल्यात. मुझीकाच्या जोड्यांवरचं बर्फ वितळून त्याच्या पायाशी पाणी साचतं. पाहुणे जातात. मालक झोपायला जातो. नोकर दिवे मालवतात. मुझीक अजून उभाच असतो.

मी थांबले. तानामामी माझ्या तोंडाकडं बघत राहिल्या.

"फुडं?"

"संपली, मामी."

"संपली कशी? त्याला बसा म्हनायला त्या घरात एक बी बाईमानूस न्हवतं व्हय?"

"मामी, तो मालकाचा..."

"मालकाचा आसंल न्हायतर कुनाचा. दारात आला तो पावणा. पावण्याला आदी बसा म्हनत्यात, पानी देत्यात, मग काम इचारत्यात. फुडची गोष्ट वाचू नगंस तू. आदी त्याला बसीव."

बाळूदानं मान डोलावली. भांगलणीच्या बायकांनीही. सगळे माझ्याकडं असे बघायला लागले की जणू मीच त्या माणसाला उभं करून ठेवलंय. मी तुमच्याकडं बघितलं. तुम्ही हसत होता, अण्णा, खांदे हलेपर्यंत हसत होता.

बाळूदानं विचारलं, "पन त्याला म्हनायचं काय, त्येच ठरत न्हाय न्हवं?"

"तिकडं काय म्हनत्यात?" तानामामींनी तुम्हांला विचारलं.

"मुझीक."

"मग मुझीकच म्हना की वो. पावण्याला नाव इचारत्यात. बदलत न्हाईत."

झालं. आपण दोघांनी ज्याच्यावर इतकी भांडणं केली ते तानामामींनी हुग्गीचा वाडगा हातातून खाली न ठेवता मिटवलं. तुम्ही माझ्याकडं बघितलंत, मी तुमच्याकडं. दोघांनाही एकदम हलकं वाटलं. हरलं कुणीच नाही, हे त्यातलं सगळ्यांत चांगलं.

मला वाटलं, इर्जिक उरकली. पण तुम्ही हात वर केलात, थांबा म्हणून. आणि तुमच्या वडिलांचं सांगितलंत. इतक्या वर्षांच्या शेजारात मी ते कधी ऐकलं नव्हतं. गिरिजाही पहिल्यांदाच ऐकत होती, हे तिच्या चेहऱ्यावरून कळत होतं.

तुमची नोकरी नवी. कारखान्याच्या क्वार्टरमध्ये तुमचे साहेब चहाला आले होते. तेवढ्यात गावाकडून वडील आले, खांद्यावर भुईमुगाच्या शेंगांचं पोतं. पोतं दाराशी टेकवलं, मुंडासं काढून हातात घेतलं आणि तिथंच उभे राहिले. तुम्ही म्हणालात, आप्पा, बसा. ते म्हणाले, असू दे, हितंच बरं हाय. साहेबही म्हणाले, बसा. तरी नाही. साहेबांचा चहा, गप्पा, सगळं होईपर्यंत ते दारातच उभे. साहेब गेल्यावर ते जमिनीवर टेकले आणि शेंगा फोडून तुमच्या हातावर ठेवायला लागले.

"परत परत बसा म्हनलो मी," तुम्ही दम घेत घेत म्हणालात. "पन खुर्चीतनं म्हनलो. उठून हाताला धरून बसवायला पायजे व्हतं. ते न्हाय झालं. त्यानंतर बी तो माज्या घरात कधी खुर्चीत बसला न्हाय. शेवटपर्यंत न्हाय."

बाळूदा वाडग्यातल्या हुग्गीकडं बघत होता. तानामामी बोलल्या, त्यांच्या त्या भांडल्यासारख्या आवाजात.

"आनि मातीत ठेवताना?"

"म्हंजे?"

"तुमच्यात बसवूनच ठेवत्यात न्हवं?"

"व्हय. बसवूनच."

"कुनी ठेवला?"

"मी. माज्या हातानं."

"मग? हाताला धरून तुमीच बसीवला की! एकदाचा बसला की वो बाप तुमचा."

अण्णा, त्यानंतर तुमच्या छातीतून जो आवाज आला, मी धावले, मला वाटलं दम लागला. तो दम नव्हता. तुम्ही रडत होता आणि मध्येच हसत होता आणि म्हणत होता, "व्हय की. व्हय की. हे कसं ध्यानात आलं न्हाय?" गिरिजानं तुमचं डोकं पोटाशी धरलं. तानामामींनी बाळूदाला दटावलं, "बगत काय बसलाईस? अजून एक वाडगा घे, कमी हाय व्हय?" आणि तो खरंच उठून घेऊन आला.

त्यानंतर तुम्ही निवांत झालात. आजार तोच, मशीन तेच, पण माणूस निवांत. मी एका दुपारीत सगळ्या मोकळ्या जागा भरल्या. सुरुवातीला शब्दाची एक टीप द्यायचं ठरलं, आणि तुम्ही ती सांगितलीत तशी मी टाइप केली. मुझीक म्हणजे बारका माणूस. एवढं झाल्यावर तुम्ही बोट वर केलंत. "कुनाच्या नजरंत बारका, ते लिवायला इसरू नगंस." मी लिहिलं, मालकाच्या नजरेत. हे तुम्ही सांगितलं नसतंत, तर ते घालण्यासाठी मी तुमच्याशी पुन्हा एकदा तेवढीच भांडले असते. ते तुम्हांला सांगायचं राहिलं. तेव्हा मी नुसतं 'बरं' म्हटलं आणि कागद छापायला लावले.

तुम्ही सकाळी गेलात. काळा चहा पुढ्यात होता, गिरिजा साखर आणायला आत गेली, तेवढ्यात निघालात. खुर्चीत, उशीवर कपाळ टेकवून. तिला वाटलं झोप लागली. किती दिवसांनी लागली म्हणून तिनं उठवलंही नाही.

आणि मग तुम्हांला तुमच्या रीतीनं बसवूनच नेलं. कपाळाला विभूती, गळ्यात फुलं. लिंगायतांची माती मी पहिल्यांदाच जवळून बघितली. खड्ड्याच्या आत कोनाड्यासारखी जागा केली होती. तुम्हांला मांडी घालून तिथं टेकवताना गिरिजा स्वतः खाली वाकली. बायका पुढं होत नाहीत म्हणून कुणीतरी कुरकुरलं. तिनं ऐकलं नाही. तुमचा हात धरला आणि बसवलं. ती काय करतेय ते तिथं इर्जिकीला आलेल्या आम्हांलाच माहीत होतं. तानामामींनी माझा दंड इतक्या जोरात दाबला की अजून दुखतोय.

रडले मी खूप. पण घरी येताना पाय जड नव्हते, हेही लिहायलाच हवं. ज्याचं सगळं उरकलंय अशा रानातून परत येताना वाटतं, तसं वाटत होतं.

काल छापखान्यातून प्रूफं आली. तानामामींनी पहिलं विचारलं, "बसला का त्यो?" मी म्हटलं, नाही मामी, गोष्ट आहे तशीच ठेवायची असते, तो उभाच आहे. त्यांना ते मुळीच पटलं नाही. जाताना म्हणाल्या, "मग वाचताना तू तरी म्हन त्याला."

आज माझ्या नव्या लागणीच्या उसाची भांगलण काढली. खरं तर पैऱ्यातली पाळी तुमची होती. सकाळी बघते तर गिरिजा तुमचं खुरपं घेऊन, तुमचा टॉवेल डोक्याला बांधून बांधावर हजर. म्हणाली, "अण्णांचा दिवस राहिलाय ना?" तिच्या हाताला सवय नाही, चार रोपं उसाचीच उपटली, तानामामींनी शिव्या घातल्या. जेवणाच्या वेळी सवयीनं तुमचं पोतं बांधावर अंथरलं, आणि अंथरल्यावर लक्षात आलं. काढून घेणार होते. काढलं नाही.

बसा, अण्णा. आम्ही भांगलतो.